तीन टाळ्यांची साक्ष

१

माझ्या नातीचं, सपनाचं, लग्न झालं ते दोन हजार तेवीस साल. डिसेंबर महिना. हळदीला चारकोपच्या आमच्या सेक्टरच्या पटांगणात डीजे लावला होता. पोरं-पोरी नाचत होत्या आणि मी खुर्चीत बसून वाटीतली हळद कालवत होते. तेवढ्यात गाणं बदललं.

बाटली भर गं, पुढं सरू दे,
माझ्या हाताचा ठसा उरू दे...

आणि लगेच तीन टाळ्या. ठप, ठप, ठप. पटांगणातल्या दीडशे माणसांनी एकदम वाजवल्या.

माझ्या हातातली वाटी कलंडली.

"सपना, हे गाणं कुठलं गं?"

"आजी, तुला माहीत नाही? दोन महिने सगळीकडं हेच चाललंय. मोबाईलवरच्या त्या मालिकेतलं. झकास आहे ना?"

तिनं मोबाईल माझ्यापुढं धरला. मी वयाच्या त्रेपन्नाव्या वर्षी साक्षरता वर्गात वाचायला शिकले, त्यामुळं मला अजून घाईनं वाचता येत नाही. सपना थांबली. मी वाचलं. गीत आणि संगीत: पारंपरिक.

पारंपरिक म्हणजे ज्याला आईबाप नाहीत असं. पण या गाण्याला आई होती. पटांगणापासून चार गल्ल्या पलीकडं ती खाटेवर पडून होती. रुक्मिणी साळवे तिचं नाव.

रुक्मिणीबाई आणि मी चारकोपच्या औद्योगिक वसाहतीत एकाच गाळ्यात औषधाच्या बाटल्यांना झाकणं लावायचो. दिवसा काम आणि संध्याकाळी जयंतीचे, पूजेचे, गणपतीचे कार्यक्रम. बाई स्वतः गाणी जोडायच्या आणि खड्या आवाजात गायच्या. त्यांच्यामागं माणसं लागली. मुलुंडहून, घाटकोपरहून, बोरिवलीहून लोक ऐकायला यायचे. नव्वद साली आम्ही रसिक मंडळ काढलं. आता त्याचा मोबाईलवर ग्रुप आहे, तीनशे बारा माणसांचा. मोठ्या कंपन्यांनी बाईंचं एकही गाणं कधी काढलं नाही. जे काही उरलं ते आम्ही लोकांनी टेपवर भरून ठेवलं म्हणून उरलं. सोसायटीच्या ऑफिसमागच्या खोलीत आमचं एक लोखंडी कपाट आहे. त्यात एकसष्ट कॅसेटी.

दुसऱ्या दिवशी मंडळ जमलं. सगळ्या कॅसेटी संगणकावर चढवायच्या आणि गाणं काढणाऱ्या अंधेरीच्या कंपनीला पत्र लिहायचं असं ठरलं. जानेवारीत उत्तर आलं. 'हे गाणं त्र्याण्णव साली एका कॅसेटवर पारंपरिक म्हणून छापून आलेलं आहे. आम्ही ते तिथून घेतलं. त्याच्या आधीचा काही पुरावा असेल तर बुधवारी घेऊन या.'

पुरावा होता. कॅसेट नंबर सतरा, एकोणनव्वदची जयंती. बाईंनी हे गाणं पहिल्यांदा गायलं ते त्या दिवशी. गायच्या आधी माइकवर म्हणाल्या होत्या, "हे गाणं माझं आहे. काल दुपारी डबा खाताना जोडलं." ते मी माझ्या कानांनी ऐकलं होतं. त्यापुढं बाई आणखी एक वाक्य बोलल्या होत्या. ते मी चौतीस वर्षं कुणाला सांगितलं नव्हतं.

रविवारी चार वाजता सतरा नंबर लावायची ठरली.

२

खोलीत पंचवीसेक माणसं दाटीनं बसली होती. अध्यक्ष धोंडिराम पुढच्या खुर्चीत होता. त्याच्या शेजारी ढोलकीवाला शिवदास. तो मूळचा मालवणचा, बाप गिरणीत होता, आणि बाईंच्या प्रत्येक कार्यक्रमाला ढोलकी त्याचीच. संगणकाजवळ विशाल बसला. तो मंडळातला तरुण, बाईंची गाणी इंटरनेटवर चढवतो. दाराशी दर्शना उभी होती, बाईंची सून.

मी कपाटातून सतरा नंबर काढली. डबीच्या खिडकीतून आतली तपकिरी फीत दिसत होती. विशालच्या हातात दिली. त्यानं टेपमध्ये घालून बटण दाबलं आणि बटण दाबल्याबरोबर बाईंचा आवाज आला.

बाटली भर गं...

सगळे माझ्याकडं बघायला लागले.

"मावशी, ते बोलणं कुठंय?" विशालनं विचारलं.

"पुढं असेल," कुणीतरी म्हणालं. पुढंही नव्हतं. सरळ गाणं सुरू झालं आणि गाणं संपलं.

"ताई," धोंडिराम हळू आवाजात म्हणाला, "वय झालं आपलं. माणसाला वाटतं, ऐकलं होतं."

दर्शनाच्या डोळ्यांत पाणी आलं. "मावशी, तुमच्या शब्दावर मी आईंना सांगून बसले, की तुमचं नाव लागणार! त्यांना फार कळत नाही आता. पण नाव म्हटलं की हात घट्ट धरतात. आता काय सांगू मी त्यांना?"

विशालनं गाणं पुन्हा लावलं. 'ठसा उरू दे' आलं, टेपवरच्या लोकांनी तीन टाळ्या वाजवल्या आणि खोलीतल्या लोकांनीही सवयीनं वाजवल्या. ठप, ठप, ठप.

माझे हात मात्र मांडीवरच राहिले. माझ्या मनात एकच प्रश्न आला होता. हे गाणं जर त्या दिवशी पहिल्यांदाच गायलं गेलं, तर टाळ्या कुठं वाजवायच्या हे लोकांना कुणी सांगितलं?

३

त्या टाळ्या बाईंनी जोडलेल्या नाहीत. त्या आमच्या आहेत.

एक्क्याण्णव साली घाटकोपरला कार्यक्रम होता. बाईंना सर्दी झालेली. 'ठसा उरू दे' म्हटल्यावर दम लागून त्या थांबल्या. ढोलकी एकटी पडली. तेव्हा पुढं बसलेल्या बायकांनी ताल सुटू नये म्हणून तीन टाळ्या वाजवल्या आणि बाईंना श्वास घ्यायला वेळ मिळाला. बाई हसल्या. पुढच्या कार्यक्रमाला त्या मुद्दाम थांबल्या आणि लोकांनी मुद्दाम वाजवल्या. तेव्हापासून ती रीतच पडली.

म्हणजे खोलीत वाजली ती कॅसेट एक्क्याण्णवच्या नंतरची. डबी सतरा नंबरची, लेबल सतरा नंबरचं, पोटात मात्र दुसरंच काही.

सगळे गेल्यावर मी ती कॅसेट हातात घेतली आणि तिच्या कडेवरून बोट फिरवलं. कड गुळगुळीत होती.

त्या कडेवरच्या खुणांची गोष्ट मंडळात कुणालाच ठाऊक नव्हती. नव्वद साली कपाट माझ्या ताब्यात दिलं तेव्हा मला अक्षर येत नव्हतं आणि ते सांगायची लाज वाटायची. म्हणून सुई तापवून मी प्रत्येक कॅसेटच्या कडेला खुणा केल्या होत्या. ही जयंतीची, ही लग्नातली, ही घाटकोपरची. सतरा नंबरला एका ओळीत तीन ठिपके आणि त्यांच्या खाली एक, असे चार. पुढं वाचायला शिकले आणि खुणा विसरले. बोट विसरलं नव्हतं.

कॅसेट कुणीतरी बदलली होती. कपाटाची किल्ली कॅलेंडरमागच्या खिळ्याला असते. हे माहीत असलेली माणसं माझ्याखेरीज चार. विशाल, दर्शना, शिवदास आणि धोंडिराम.

हातात सोम आणि मंगळ असे दोनच दिवस होते. रात्री अंथरुणावर पडले तेव्हा त्या खोलीतली आणखी एक गोष्ट आठवली आणि मी उठून बसले. खिडकीतून दिसलेली फीत तपकिरी होती. आणि आवाज बटणाबरोबर आला होता.

४

सोमवारी सकाळी पिशवीत माझा जुना टेप आणि घरातली गाण्यांची एक कॅसेट घातली आणि निघाले.

विशालचं मोबाईल दुरुस्तीचं दुकान कांदिवली स्टेशनजवळ आहे. मला बघून त्याचा चेहरा उतरला.

"मावशी, मी नाही केलं काही. आईशप्पथ!"

"मी कुठं म्हटलं तू केलंस? मग घाबरतोस कशाला?"

"त्या गाण्यात टाळ्या आहेत ना, त्या त्यांनी माझ्या चॅनलवरून घेतल्यात. शहाण्णवचा मुलुंडचा कार्यक्रम मीच चढवला होता. मी चढवलं नसतं, तर त्यांना गाणं सापडलंच नसतं. वाट लावली मी बाईंची."

"वाट लावलीस का वाट दाखवलीस, ते बुधवारी बघू. आधी ही कॅसेट लावून दे मला. अगदी सुरुवातीपासून."

त्यानं ती उलटसुलट करून बघितली. "यार, कुठली बाजू वर?" कशीतरी आत कोंबली आणि बटण दाबलं. गाणं मधूनच सुरू झालं. मागं घ्यायचं त्याच्या लक्षातही आलं नाही.

दर्शनाकडं गेले. ती सासूला पेज भरवत होती. रुक्मिणीबाईंनी माझ्याकडं बघून डोळे बारीक केले. ओळखलं की नाही, कळलं नाही. मी दर्शनापुढं कॅसेट धरली.

"मावशी, मला नाही जमत ते. आमच्याकडं टेप बंद पडून पंधरा वर्षं झाली. आणि खरं सांगू, त्या कॅसेटी घरात असाव्यात म्हणून मी मंडळाशी भांडले होते. पण चोरीन कशाला? नाव तर आमच्याच घराचं लागणार ना?"

शिवदास दुपारी गच्चीवर ढोलकीला शाई चढवत होता.

"गे बाय, माझी ढोलकी त्या टेपार आसा. ती मी कित्याक नाहीशी करतलंय?"

"बाई आधी काय बोलल्या, आठवतं?"

"मी खाली मान घालून ढोलकी जुळवत होतंय. माका बोलणां कधी ऐकाक येता?"

कॅसेट त्याच्या हातात दिली. त्यानं ती टेपमध्ये घातली, मागं घ्यायचं बटण दाबून 'टक' होईस्तोवर वाट बघितली, मग चालू केली. पाच-सहा सेकंद नुसतीच खरखर. मग गाणं.

ती खरखर मला हवी होती. कॅसेटच्या तोंडाशी वीतभर पांढरी पट्टी असते. तिच्यावर आवाज भरला जात नाही. कॅसेट पूर्ण मागं घेतली की खिडकीत पांढरी पट्टी दिसते आणि बटण दाबल्यावर आधी नुसती खरखर ऐकू येते. रविवारी मात्र खिडकीत तपकिरी फीत होती आणि बाईंचा आवाज लगेच आला होता. म्हणजे ती पांढरी पट्टी कुणीतरी आधीच हातानं पुढं सरकवली होती.

आता एकाच घरी जायचं उरलं होतं. आणि तिथं जायला माझे पाय तयार नव्हते.

५

"जय भीम, ताई. या, बसा," धोंडिराम म्हणाला. तो बसच्या डेपोत मेकॅनिक होता. बाईंचे बहुतेक कार्यक्रम त्यानंच टेप केले. भिंतीला लागून फळी, फळीवर त्याच्या स्वतःच्या दोनशे कॅसेटी, सगळ्यांवर सुबक अक्षर. भिंतीवर बाईंबरोबरचा फोटो.

मंडळात नवीन माणूस आला की धोंडिराम एक गोष्ट सांगायचा. "जयंतीच्या आदल्या दिवशी मीच बाईंना म्हणालो, बाई, कामगार बायांवर एक गाणं होऊन जाऊ द्या. आणि हे गाणं झालं!" लोक त्याच्या पाया पडायचे. बाई ऐकून नुसत्या हसायच्या. सतरा नंबर मात्र तो कधी लावू द्यायचा नाही. झिजेल, म्हणायचा.

चहा झाला. मी पिशवीतून टेप काढला. "धोंडिराम, जरा लावून दे रे. सुरुवातीपासून."

त्यानं कॅसेट घेतली, मागं घेतली, बाहेर काढली. खिशातली पेन्सिल काढून कॅसेटच्या भोकात घातली आणि दोन-तीन वेढे फिरवले. खिडकीतली पांढरी पट्टी गेली, तपकिरी फीत आली. मग त्यानं ती लावली. बटणाबरोबर आवाज आला.

"पेन्सिल कशाला रे?"

"पहिला शब्द खाल्ला जातो ना, ताई. टेप करायच्या आधी पट्टी पुढं घ्यायची. सवय आहे हाताला."

"रविवारच्या सतरा नंबरलाही फिरवली होतीस."

पेन्सिल त्याच्या हातातच राहिली. मग तो ताठ झाला. "अध्यक्ष आहे मी मंडळाचा. चोर म्हणता मला? या दोनशे कॅसेटी बघा. वाचा एकेक लेबल! सापडली तर बोला!"

त्याला वाटलं, मला वाचायला वेळ लागतो, संध्याकाळ होईल.

मी लेबलं वाचली नाहीत. डोळे मिटले आणि एकेक डबी उघडून कॅसेटच्या कडेवरून बोट फिरवत गेले. पहिली फळी गेली. दुसरी गेली. तिसऱ्या फळीच्या कोपऱ्यात 'शेतीविषयक भाषणं' असं लिहिलेल्या डबीत बोट अडलं. एका ओळीत तीन ठिपके आणि त्यांच्या खाली एक.

धोंडिरामनं हातातली पेन्सिल खाली ठेवली. त्याची बायको स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली.

"तुम्हाला कसं ठाऊक, की मी मोडून फेकली नाही?"

"तू बाईंचा आवाज मोडशील? तू?"

तो रडायला लागला. "कात्री घेतली होती, ताई. तेवढं वाक्य कापून टाकायचं म्हणून. हात चालला नाही. मग शहाण्णवचं गाणं दुसऱ्या कॅसेटवर भरलं, सतरा नंबरचं लेबल लावलं. वाटलं, तारीख आहे, बाईंचा आवाज आहे, एवढ्यावर भागेल. नंतर कंपनीचं पत्र आलं. तोवर परत ठेवायची लाज वाटायला लागली."

"लाव आता," मी म्हटलं.

त्यानं पेन्सिल फिरवली. चौतीस वर्षांपूर्वीचा माइक खरखरला आणि तरुण रुक्मिणीबाई बोलल्या: "आज चौदा एप्रिल एकोणनव्वद. हे गाणं माझं आहे. काल दुपारी डबा खाताना जोडलं. आमच्या गाळ्यातली मीरा म्हणाली, रुक्मिणे, सगळ्यांवर गाणी करतेस, झाकण लावणाऱ्यांवर एक कर की. तर हे तिच्यासाठी."

ती मीरा म्हणजे मी.

मग गाणं. 'ठसा उरू दे' नंतर टाळी नाही. नुसती ढोलकी.

"तुम्हाला माहीत होतं," धोंडिराम म्हणाला. "इतकी वर्षं मी खोटं सांगत होतो आणि तुम्ही समोर बसून ऐकत होता."

"तुला त्या गोष्टीची गरज होती. मला नव्हती. पण आता बाईंना तिची गरज आहे, धोंडिराम. बुधवारी अंधेरीला तूच टेप लावायचास."

"मी? ताई, तिथं सगळं मंडळ असणार. सगळ्यांसमोर?"

मी माझा टेप पिशवीत घातला आणि उठले. बुधवारी तो येईल की नाही, मला सांगता येत नव्हतं.

६

बुधवारी अकराला आम्ही कंपनीच्या काचेच्या खोलीत बसलो होतो. मी, दर्शना, विशाल, शिवदास. खाली रस्त्यावर मंडळातली चाळीस माणसं उभी होती. समोर दिशा मॅडम म्हणून एक तरुण बाई. सव्वाअकरा झाले. धोंडिराम नव्हता.

"कॅसेट आहे का?" मॅडमनी विचारलं.

कॅसेट धोंडिरामकडंच ठेवून आले होते मी. दर्शनानं माझा हात दाबला. "मावशी, त्याच्यावर कसा विश्वास ठेवलात तुम्ही?"

दार उघडलं. इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून धोंडिराम आत आला, काखेत टेप. बसायच्या आधीच म्हणाला, "मी या मंडळाचा अध्यक्ष. ही कॅसेट मीच लपवली होती. यातलं एक वाक्य मला खोटं पाडतं, म्हणून. आता ऐका." शिवदास तोंड उघडं टाकून बघत राहिला. धोंडिरामनं पेन्सिल काढली आणि दोन वेढे दिले.

बाई बोलल्या.

मॅडम म्हणाल्या, "हे ठीक आहे. पण आम्ही गाणं त्र्याण्णवच्या कॅसेटवरून घेतलं. आम्हाला बाईंबद्दल माहिती असायचं कारण नव्हतं."

"त्र्याण्णवच्या कॅसेटवर टाळ्या आहेत का?" मी विचारलं.

"म्हणजे?"

"ती लावा. मग तुमचं गाणं लावा."

दोन्ही लावली. त्र्याण्णवच्या कॅसेटवर टाळ्या नव्हत्या. कंपनीच्या गाण्यात होत्या, बरोबर 'उरू दे' नंतर.

"या टाळ्या कुठल्याही परंपरेत नाहीत," मी म्हटलं. "एक्क्याण्णव साली घाटकोपरच्या बायकांनी त्या पहिल्यांदा वाजवल्या. बाईंना दम लागला होता म्हणून. त्या फक्त आमच्या कार्यक्रमांत वाजतात आणि या पोराच्या चॅनलवर आहेत. तिथून तुम्ही त्या घेतल्या. तिथं बाईंचं नाव लिहिलेलं आहे ना रे, विशाल?"

"पहिल्याच ओळीत, मावशी. मोठ्या अक्षरात." विशाल इतका ताठ बसलेला मी आधी कधी पाहिला नव्हता.

दिशा मॅडम उठून आतल्या खोलीत गेल्या. अर्धा तास काचेपलीकडं हातवारे चालले होते. बाहेर आल्या तेव्हा त्यांनी कागद आणला होता. मी तो घेतला आणि अक्षर अक्षर लावून मोठ्यानं वाचला. कुणी घाई केली नाही.

"गीत, संगीत आणि मूळ गायन: रुक्मिणी साळवे."

"अजून एक ओळ घाला," धोंडिराम म्हणाला. "टाळ्या: घाटकोपरचे आणि चारकोपचे रसिक."

मॅडम पहिल्यांदाच हसल्या आणि त्यांनी ती ओळ लिहिली. विशालनं खिडकीतून खाली हात केला. अंधेरीच्या त्या रस्त्यावर चाळीस माणसांनी तीन टाळ्या वाजवल्या. काचेतूनही ऐकू आल्या.

धोंडिरामनं त्या संध्याकाळी अध्यक्षपद सोडलं. मंडळानं त्याला टेपांचा प्रमुख केलं, कारण पेन्सिल फिरवणारा दुसरा कुणी नव्हता. नवीन माणूस आला की तो आताही गोष्ट सांगतो. बाईंचं ते मीराचं वाक्य तो स्वतः लावून ऐकवतो, आणि मी तिथं असले की मला उठून उभं राहायला लावतो.

पंचवीस फेब्रुवारीला पटांगणात कार्यक्रम केला. बोरिवलीपासून मुलुंडपर्यंतची माणसं आली. दर्शनानं बाईंना चाकांच्या खुर्चीतून आणलं. मोठ्या पडद्यावर गाणं लागलं आणि आधी त्यांचं नाव आलं. मी त्यांच्या कानाशी वाकून ते वाचून दाखवलं. बाई पडद्याकडं बघत राहिल्या. 'ठसा उरू दे' आलं. आठशे माणसांनी हात वर केले आणि तसेच थांबले, कारण बाईंनी खुर्चीच्या हातावर आपला पंजा उचलला होता.

पहिली थाप त्यांनी मारली. दुसरी आणि तिसरी आम्ही सगळ्यांनी मिळून.

रुक्मिणी भिकाजी साळवे, वय एक्क्याऐंशी, बारा मार्च दोन हजार चोवीस, मंगळवारी सकाळी साडेनऊ वाजता चारकोपच्या राहत्या घरी वारल्या.